बिनकानाचा सरडा, बिनझाडांचा माळ

एप्रिल संपत आला की नगरजवळच्या भिंगारच्या माळावर सकाळी आठ-नऊलाच दगड चटके द्यायला लागतात. पाथर्डीच्या रस्त्याला लागावं, घरं विरळ व्हावीत, समोर शहा डोंगरावरचा चांदबिबी महाल दिसायला लागावा आणि तिथंच कुठंतरी रस्ता सोडून मुरमात उतरावं. गवत वाळून गेलेलं असतं, कुसळं पायजम्यात घुसतात. पहिल्यांदा वाटतं, इथं काहीच नाही. मग एका काळ्या दगडाच्या टोकावर काहीतरी झपकन उघडतं आणि मिटतं.

तो सरडा असतो. अंग माणसाच्या बोटाएवढं, शेपूट अंगाहून लांब, पाठ मुरमाच्याच रंगाची. पुढच्या पायांवर छाती उचलून तो ताठ बसलेला असतो. गळ्याखाली घडी घालून ठेवलेली कातडी तो पंख्यासारखी फाकवतो, त्यासरशी निळा, काळा आणि नारिंगी रंग उन्हात लकाकतो. पुन्हा घडी, पुन्हा पंखा. दोन-तीन वेळा असं केल्यावर तो मान वळवून शेजारच्या दगडाकडे पाहतो, कारण तिथंही दुसरा नर तेच करत असतो. मध्ये हातभर-दोन हात मोकळी जमीन. ती कोणाची, याचा तंटा चालू असतो आणि त्यात आवाज असा मुळीच नसतो. 'सरड्याची धाव कुंपणापर्यंत' ही म्हण आपण माणसाची कुवत दाखवायला वापरतो. ज्याने ती पहिल्यांदा उच्चारली, त्याने बहुधा माळावर बसून सरडे नीट पाहिले असावेत. विणीच्या दिवसांत नराचा इलाखा ठरलेला असतो आणि कुंपण त्याच्या डोळ्यांना पक्कं दिसत असतं.

या सरड्याच्या डोक्याच्या बाजूला, जबड्याच्या कोनामागे, एक छोटी गोल खळगी आहे. तो त्याचा कान, आणि तळाशी दिसतो तो कानाचा पडदा. ही गोष्ट मुद्दाम सांगावी लागते, कारण जगाच्या दुसऱ्या टोकाला, अमेरिकेच्या नैऋत्येकडच्या आणि मेक्सिकोच्या वाळवंटांत, असेच जमिनीवर धावणारे सरडे आहेत आणि त्यांच्या डोक्यावर ही खळगी नाही. पडदा नाही, भोक नाही, सरळ खवल्यांची कातडी. इंग्रजीत त्यांना 'इअरलेस लिझर्ड' म्हणतात, म्हणजे बिनकानाचे सरडे. त्यांतल्या थोराड जातीचं शास्त्रीय नाव कोफोसॉरस. ग्रीक भाषेत त्याचा अर्थ बहिरा सरडा.

कान का गेला, याचं उत्तर पाठ्यपुस्तकात एका ओळीत मिळतं. हे सरडे वाळूत डोकं खुपसून, अंग थरथरवत आत शिरतात. कानाला भोक असतं तर वाळू आत गेली असती. भोक बुजलं आणि काम झालं. आपल्याकडे जैसलमेरच्या वाळूच्या टेकड्यांवर लाँगेवाल्याच्या नावाचा एक बेडूकतोंड्या सरडा आहे. रमेशचंद्र शर्मा यांनी 1978 मध्ये त्याची शास्त्रीय नोंद केली. तोही धोका दिसताच डाव्या-उजव्या बाजूला हिसके देत क्षणात वाळूत गडप होतो आणि त्याचाही कानाचा पडदा कातडीखाली झाकलेला आहे. अमेरिकेतल्या बिनकान्याशी त्याचं जवळचं नातं नाही. दोघांची कुळं वेगळी. वाळूने दोघांना एकाच साच्यात घातलं, असं म्हणायला इथपर्यंत हरकत नाही.

भिंगारला वाळू आहे ती सीना नदीच्या पात्रात. माळावर आहे तो मुरूम, त्याखाली बेसाल्टचा खडक, आणि खोलगट जागी काळ्या मातीचा पातळ थर. पाऊस वर्षाला साडेपाचशे-सहाशे मिलिमीटर, म्हणजे वाळवंटापेक्षा खूप जास्त आणि शेतीला नेहमीच कमी. या मुरमात कोणता सरडा डोकं खुपसणार? म्हणून इथल्या सरड्याचा कान उघडा राहिला, हिशेब जुळला, असं म्हणून निबंध इथंच मिटवता आला असता.

पण हिशेब जुळत नाही.

पहिली अडचण अमेरिकेतच आहे. तो 'बहिरा' कोफोसॉरस मऊ वाळूपेक्षा खडकाळ जागी आणि गोट्यांच्या कोरड्या नदीपात्रांत जास्त राहतो. उलट ज्यांचं सगळं आयुष्य उडत्या वाळूत जातं, त्या 'उमा' नावाच्या झालरबोट्या सरड्यांना कान आहेत. फक्त कानाच्या तोंडाशी खवल्यांची झालर आहे, दारावर चिक टाकावी तशी. वाळू एकच, पण एका घराने दार बुजवलं आणि दुसऱ्याने पडदा लावला. खडकावर राहणाऱ्याने मात्र पूर्वजांकडून आलेलं बुजलेलं दार तसंच ठेवलं. कोफोसॉरस आणि दुसरा बिनकानाचा सरडा हॉलब्रुकिया या दोन्ही प्रजाती सख्खी भावंडं असल्याने हा वारसा असावा, असं मानायला जागा आहे.

दुसरी अडचण थेट आपल्या बांधावर येऊन बसते. महाराष्ट्राच्या कोरड्या भागात, बाभळीच्या, बोरीच्या फांदीवर, एक प्राणी सापडतो. गावात त्याला घोयरा म्हणतात, शहरात शॅमेलिऑन. दोन डोळे दोन दिशांना फिरवणारा, चिमट्यासारख्या पायांनी फांदी धरणारा, पाऊल टाकताना पुढेमागे डुलणारा. तो विषारी आहे असा समज कित्येक गावांत आहे आणि त्या समजापायी तो काठीने मारला जातो. तो पूर्ण निरुपद्रवी आहे. या घोयऱ्याला बाहेरून कान नाही. भोक नाही, पडदा नाही. आणि वाळूशी त्याचा काडीचा संबंध नाही. मादी अंडी घालायला जमिनीवर उतरते तेवढाच. म्हणजे बिनकानाचा सरडा शोधायला अ‍ॅरिझोनाला जायची गरज नव्हती. तो झाडावर होता, आणि वाळूची गोष्ट त्याला लागू पडत नव्हती.

बाहेर कान नाही म्हणजे ऐकू येत नाही, हेही खरं नाही. प्रिन्स्टन विद्यापीठातल्या अर्नेस्ट ग्लेन वीव्हर यांनी कित्येक वर्षं सरपटणाऱ्या प्राण्यांचे कान तपासले आणि 1978 मध्ये त्यावर हजारभर पानांच्या घरातलं पुस्तक लिहिलं. आतला कान घोयऱ्यालाही असतो, बिनकान्या सरड्यांनाही असतो. हाडांतून, कातडीतून कंप आत पोचतो आणि खर्जातले आवाज त्यांना थोडेफार कळतात. तीक्ष्ण कान पाहायचा तर घरातल्या भिंतीवर पाहावा. पाल चुकचुकली की आजी बोटाने लाकडावर टकटक करते. पाल बोलते, तिला आवाजाने एकमेकींशी व्यवहार करायचा असतो, आणि सरड्यांच्या सगळ्या गोतावळ्यात पालींचा कान फार तिखट आहे. माळावरचा सरडा मुका. त्याचं सगळं बोलणं रंगात आणि हालचालीत, आणि ऐकणं डोळ्यांनी. त्याच्या कानाकडे पाहून त्याची परीक्षा करणं म्हणजे पोस्टमनची परीक्षा त्याच्या गाण्यावरून करण्यासारखं आहे.

खरी मेख नावात आहे, असं वाटतं. बिनकानाचा. जे नाही त्यावरून ओळख. सरड्याच्या बाबतीत हे फार मनावर घ्यायचं कारण नाही, त्याला नावाने काही फरक पडत नाही. जमिनीला मात्र पडतो. भिंगारच्या आसपासच्या माळाला कागदोपत्री आणि बोलण्यात जे शब्द लागतात ते पाहा: पडीक, ओसाड, उजाड, नापीक. झाड नाही, पीक नाही, पाणी नाही. देशाच्या पडीक जमिनींच्या नकाशांत गवताळ आणि खुरट्या झुडपांची माळरानं सर्रास मोजली जातात. जी जमीन 'काही नाही' म्हणून नोंदली गेली, तिथं काहीही करता येतं: प्लॉट पाडता येतात, मुरूम उचलता येतो, गिरीपुष्पाची रोपं खड्डे खणून लावता येतात. झाडं लावणाऱ्यांचा हेतू चांगलाच असतो. पण उन्हात दगडावर बसून पंखा उघडणाऱ्या सरड्याला दाट सावली म्हणजे दिवसा मिटलेली दुकानं. त्याचा रंग कोणाला दिसणार?

या माळावर जे आहे त्याची यादी काही लहान नाही. नगर जिल्ह्यानेच ती दाखवून दिली आहे. कर्जत तालुक्यातलं रेहेकुरीचं काळवीट अभयारण्य 1980 मध्ये झालं, क्षेत्र अवघं 2.17 चौरस किलोमीटर. त्याआधी वर्षभर, 1979 मध्ये, जाहीर झालेल्या माळढोक अभयारण्यात सोलापूरबरोबर कर्जत, श्रीगोंदा, नेवासा हे नगरचे तालुकेही आले. माळढोक काय खातो? टोळ, नाकतोडे, बोरं, आणि सरडे. खाटीक पक्षी सरडा पकडून बाभळीच्या काट्यावर टोचून ठेवतो. कापशी घार त्याच्यासाठी हवेत एका जागी पंख फडफडत थांबते. सरडा स्वतः मुंग्या, वाळवी, किडे खातो. माळावरचं धान्य गवताचं, त्याचं पीठ किड्यांनी केलं, आणि भाकरी होऊन ते सरड्याच्या रूपाने पक्ष्यांच्या ताटात जातं.

हे साटंलोटं किती घट्ट आहे ते साताऱ्याच्या चाळकेवाडीच्या पठारावर उघड झालं. तिथल्या पवनचक्क्यांखाली मारिया ठाकर, अमोद झांबरे आणि हर्षल भोसले यांनी सरड्यांचा अभ्यास करून 2018 मध्ये तो प्रसिद्ध केला. पाती फिरतात तिथं शिकारी पक्षी फिरकेनासे झाले. पवनचक्क्या नसलेल्या भागात त्यांची संख्या जवळजवळ चौपट होती. वर ससाणा नाही म्हटल्यावर खाली सरडे वाढले. ते धीट झाले, माणूस अगदी जवळ येईपर्यंत पळेनात. पण गर्दीत खाणं कमी पडलं, अंगं रोडावली, आणि नरांच्या गळ्याचा रंग फिका पडला. आकाशात यंत्र उभं राहिलं आणि जमिनीवरच्या वीतभर प्राण्याच्या पंख्यातला रंग उतरला. नगर जिल्ह्यातही पारनेर तालुक्यात सुप्याजवळच्या डोंगरावर पवनचक्क्या आहेत; तिथून जाणाऱ्याने पात्यांइतकंच पायथ्याच्या दगडांकडेही पाहावं.

या सरड्याला शास्त्रात स्वतःचं घर मिळायलाच फार उशीर झाला. फ्रान्सच्या क्युव्हिएने 1829 मध्ये पाँडिचेरीच्या नमुन्यावरून 'सिटाना' ही प्रजाती सांगितली. जर्डन या लष्करी डॉक्टरने 1870 मध्ये दख्खनचा सरडा वेगळा म्हणून नोंदवला, पण पुढच्या पुस्तकांत त्याची नोंद बहुतेक दबून गेली आणि गळ्याला पंखा असलेला सरडा म्हणजे एकच, अशी समजूत रूढ झाली. 2016 मध्ये व्ही. दीपक, वरद गिरी, प्रवीण कारंथ आणि सहकाऱ्यांनी गावोगावचे नमुने, हाडं, रंग आणि जनुकं तपासली, तेव्हा एकाच्या जागी बऱ्याच जाती निघाल्या. मोठ्या, भडक पंख्याच्या सरड्यांसाठी त्यांनी नवी प्रजाती केली आणि तिचं नाव ठेवलं 'सरडा'. रोमन लिपीत लिहिलेलं, जगभरच्या याद्यांत गेलेलं, आणि भिंगारच्या शाळेतल्या पोराला अर्थ सांगावा लागणार नाही असं. पठारावरच्या सुंदर जातीला 'सरडा सुपर्बा' म्हटलं, एका जातीला डार्विनचं नाव दिलं. या सगळ्या पंखेवाल्यांच्या मागच्या पायाला चारच बोटं आहेत, पाचवं नाही. तरी कोणी त्यांना 'बोटतुटके' म्हटलं नाही. पंख्यावरून ओळखलं.

भिंगारच्या माळाने माणसं पुष्कळ पाहिली. 1706 मध्ये औरंगजेबाची अवाढव्य छावणी इथं येऊन पडली आणि पुढच्या वर्षी, 1707 मध्ये, अठ्ठ्याऐंशी वर्षांचा बादशहा इथंच गेला. 1803 मध्ये इंग्रज सेनापती वेलस्लीच्या फौजेने नगरचा किल्ला घेतला. मग इंग्रजांची छावणी, आणि स्वातंत्र्यानंतर रणगाड्यांचं प्रशिक्षण. लष्कराच्या ताब्यातल्या जमिनीवर नांगर फिरला नाही, प्लॉट पडले नाहीत. रणगाड्याच्या पट्ट्यांनी माती उकरली जाते हे खरं, पण दोन पट्ट्यांच्या मध्ये गवत उगवतं आणि दगड जागच्या जागी राहतात. सिमेंटखाली गेलेल्या दगडाला ती सोय नाही.

जूनमध्ये पहिले दोन वळीव पडून गेले की माळावर मादी दिसते. ती मळकट, पंखा नसलेली, सहज नजरेतून सुटणारी. मुरूम ओला होऊन थोडा भुसभुशीत झालेला असतो. ती पुढच्या पायांनी उकरते, माती मागे ढकलते, थांबते, इकडेतिकडे पाहते, पुन्हा उकरते. खड्डा तिच्या अंगाला पुरेल एवढा झाला की उलटी फिरून त्यात अंडी घालते. मग माती परत ओढते आणि नाकाच्या टोकाने ती दाबून बसवते. एका जागी दाबलं, थोडं सरकून दुसऱ्या जागी. जाताना वरून दोन-चार वाळकी कुसळं आणि खडे विस्कटलेले राहतात. दोन पावलं दूर उभ्या असलेल्या माणसालाही नंतर ती जागा सापडत नाही. पिल्लं बाहेर येतात तेव्हा गवत गुडघाभर झालेलं असतं. नर पिल्लांच्या गळ्याला अजून रंग नसतो. तो पुढच्या उन्हाळ्यात येईल, दगड उघडे पडतील तेव्हा.