सूत्रधाराला सारे ठाऊक असते

मराठी वाचक ग्रीक शोकांतिकेपर्यंत पोहोचला तो उलट्या वाटेने. आधी शेक्सपिअर आला, त्याच्या मागून ॲरिस्टॉटल, आणि सॉफोक्लीझ सर्वांत शेवटी. इंग्रजी शिक्षणाची गाडी ज्या क्रमाने माल उतरवत गेली त्या क्रमाने आपण तो घरात घेतला, त्यात नवल नाही. पण या उलटापालटीमुळे एक सवय जडली. रंगमंचावर माणूस उद्ध्वस्त होताना दिसला की आपण लगेच विचारतो, याचे चुकले कुठे? ग्रीक नाटक या प्रश्नापाशी फार वेळ थांबत नाही. आपण मात्र शंभर वर्षे तिथे मुक्काम केला. हा मुक्काम पडला कसा आणि हलला कसा, याची बरीचशी हकिगत सातारा-सांगलीच्या पट्ट्यातली आहे.

५ नोव्हेंबर १८४३ रोजी सांगलीत, चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धनांच्या आश्रयाने, विष्णुदास भाव्यांनी 'सीतास्वयंवर' केले. पद्ये सूत्रधाराने म्हणायची, साथीदारांनी ती उचलून धरायची आणि पात्रांनी त्या अनुरोधाने हावभाव करत आयत्या वेळी सुचेल ते बोलायचे, अशी ती रीत. या सूत्रधाराची आणि त्याच्या साथीदारांची ग्रीक कोरसशी तुलना करण्याचा मोह होतो. दोन्हीकडे देवाच्या नावाने आरंभ, दोन्हीकडे गाणारा समूह प्रयोगभर समोर. सॉफोक्लीझने कोरसमधली माणसे १२ वरून १५ केली, असे सांगतात. भाव्यांकडे साथीला एवढा जमाव नसे, इतकाच फरक, असे म्हणून मोकळे होता येईल.

माझ्या मते खरा फरक निराळा आहे आणि तो फार मोठा आहे. भाव्यांच्या सूत्रधाराला सारे ठाऊक असते. सीतेला माळ कुणाला घालायची आहे, राक्षस कधी मरणार, देव कधी प्रकटणार, सगळे. सॉफोक्लीझच्या ईडिपस राजावरच्या नाटकात थीब्जच्या वृद्धांचा कोरस मात्र चाचपडत असतो. तो घाबरतो, चुकीचे अंदाज बांधतो, राजाची बाजू घेतो आणि मग गप्प होतो. ज्याला खरे ठाऊक आहे त्या द्रष्ट्या तिरेसियसचे कुणी ऐकत नाही. आपल्या रंगमंचावर एक जाणता माणूस सतत उभा असल्याने प्रेक्षकाला धीर असे. ग्रीक रंगमंचावर त्या जागी कुणीच नव्हते.

पुढे गद्य नाटके आली आणि सूत्रधार नांदीपुरता उरला. कऱ्हाडजवळच्या टेंभूत जन्मलेल्या गोपाळ गणेश आगरकरांचे 'विकारविलसित', म्हणजे 'हॅम्लेट'चे मराठी रूप, १८८३ मध्ये प्रसिद्ध झाले. साताऱ्यात उभ्या राहिलेल्या शाहूनगरवासी मंडळीच्या गणपतराव जोशांनी हॅम्लेट असा रंगवला की नाटकाच्या शेवटी नायक मरू शकतो हे मराठी प्रेक्षकाला पटले. त्याआधी १८६१ मध्ये विनायक जनार्दन कीर्तन्यांनी थोरल्या माधवरावांचा मृत्यू नाटकात आणला होता, पण ती इतिहासातली वस्तुस्थिती होती; तिथे लेखकाचा इलाज नव्हता. हॅम्लेटचा मृत्यू लेखकाने घडवलेला होता.

सूत्रधार गेला, पण त्याची खुर्ची रिकामी राहिली नाही. तिच्यावर प्रेक्षक जाऊन बसला. आगरकरांनी नाटकाला दिलेले नावच सांगते की अनर्थाचे मूळ माणसाच्या विकारांत शोधायचे. सांगलीत जन्मलेल्या कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांनी १८९३ मध्ये 'सवाई माधवरावांचा मृत्यू' लिहिले, तेव्हा त्यांनी हॅम्लेटचे मन आणि इयागोची कारस्थाने एकाच वाड्यात आणली. केशवशास्त्री कान भरतो, कोवळा पेशवा संशयाने पोखरला जातो. दोष कुणाचा, हे प्रेक्षकाला पहिल्यापासून दिसते. १९१९ मध्ये रंगभूमीवर आलेल्या 'एकच प्याला'त तर गडकऱ्यांनी दोष थेट पेल्यात भरून समोर ठेवला. सुधाकराबद्दल जीव तुटतो, पण का बुडाला याबद्दल शंका उरत नाही. शंका उरू न देणे हे गडकऱ्यांचे बळ आहे, आणि मला वाटते, तिथेच ते अथेन्सपासून सर्वांत दूर जातात.

सांगलीशेजारच्या हरिपूरचे गोविंद बल्लाळ देवल याच काळातले. त्यांनी 'ऑथेल्लो'वरून 'झुंजारराव' केले, म्हणजे शोकान्त त्यांना परका नव्हता. तरी १८९९ च्या 'शारदे'त, नायिका जीव द्यायला नदीवर गेलेली असताना त्यांनी तिला वाचवले आणि शंकराचार्यांच्या निर्णयाने पुढचा मार्ग मोकळा केला. युरिपिडीझ अडलेल्या नाटकात यारीने देव उतरवत असे, त्याची इथे आठवण होते. देवलांना बोल लावणार नाही. त्यांना जरठकुमारी विवाह मोडायचे होते, आणि बुडालेल्या मुलीपेक्षा वाचलेली मुलगी त्या कामी अधिक उपयोगाची होती.

विंदा करंदीकरांचे 'ॲरिस्टॉटलचे काव्यशास्त्र' १९५७ मध्ये आले आणि शोकांतिकेचे मूळ विवेचन मराठीत वाचता येऊ लागले. ॲरिस्टॉटलचा नायक दुर्गुणी नाही. तो अजाणता चुकतो. ईडिपसच घ्या. बापाला मारशील, आईशी लग्न करशील, हे भाकीत कळताच तो ज्यांना आईबाप समजत होता त्यांचे घर सोडून निघतो. शहाणा माणूस दुसरे काय करील? त्याच्या त्या शहाणपणानेच भाकीत खरे होते. पुढे शहरावर मरी येते तेव्हा तो अपराध्याचा शोध घेतो, तेही राजाचे कर्तव्य म्हणून. यात रागीटपणा, घमेंड वगैरे दोष काढता येतात आणि परीक्षेच्या उत्तरपत्रिकांत ते आजही काढले जातात. पण तो शांत स्वभावाचा असता तर वाचला असता का?

आपल्याकडे याहून सोयीची पळवाट होती, पूर्वजन्मीच्या पापाची. दिसत नसलेला दोष मागच्या जन्मात ढकलला की हिशेब जुळतो, आणि हिशेब जुळला की शोकांतिका संपते. म्हणून आमच्या परंपरेत शोकान्त नाहीच, असे म्हणण्याचीही रीत पडली. १९१२ मध्ये त्रिवेंद्रमहून भासाचे 'ऊरुभंग' छापून आल्यावर तरी ती बंद व्हायला हवी होती. तिथे दुर्योधन रंगमंचावरच मरतो, आणि मरताना खलनायक राहत नाही. इरावती कर्व्यांच्या 'युगान्त'मध्ये (१९६७) हीच दृष्टी साऱ्या महाभारताला लागू झाली. त्यांनी व्यक्तींना माफ केले नाही, पण कुणा एकावर सगळा भार टाकून सुटकाही करून घेतली नाही.

नाटकात हे वळण आले ते साताऱ्याकडच्या रहिमतपूरला जन्मलेल्या आणि सांगलीच्या विलिंग्डन महाविद्यालयात शिकलेल्या वसंत कानेटकरांच्या 'रायगडाला जेव्हा जाग येते'मध्ये, १९६२ साली. कानेटकर ग्रीकांचे अनुकरण करत होते असे मी म्हणत नाही. पण एका घरातले दोन थोर पुरुष, बाप आणि मुलगा, आपापल्या जागी बरोबर आहेत आणि म्हणूनच एकमेकांना समजू शकत नाहीत, ही मांडणी 'अँटिगनी'च्या जवळची आहे. तिथे बहीण भावाला मूठमाती देणारच, आणि राजा आपला हुकूम मागे घेणार नाही. कान भरणारी माणसे कानेटकरांच्याही नाटकात आहेत, मात्र ती सारी काढून टाकली तरी शिवाजीमहाराज आणि संभाजीराजे यांच्यातले अंतर तसेच राहते. केशवशास्त्र्याला काढून टाकले तर खाडिलकरांचे नाटक उभे राहणार नाही.

दुसरीही एक गोष्ट. रायगडावर पुढे काय होणार हे प्रत्येक प्रेक्षक शाळेपासून जाणतो. संभाजीराजांचा शेवट सर्वांना ठाऊक असतो, फक्त रंगमंचावरच्या माणसांना नसतो. अथेन्सच्या प्रेक्षकालाही ईडिपसची कथा अशीच पाठ होती. म्हणजे जाणतेपण सूत्रधाराकडून प्रेक्षकाकडे जाणे यात वावगे काही नव्हते. जाणतेपणाबरोबर आपण निवाड्याचा अधिकारही उचलून आणला, घोटाळा तिथे झाला.

दरम्यान वाईला तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशांच्या संपादनाखाली मराठी विश्वकोशाचे काम चालले होते. पहिला खंड १९७६ मध्ये निघाला. वाईच्याच प्राज्ञपाठशाळेत शिकलेल्या पंडिताने ज्या कोशाची धुरा वाहिली, त्यात ग्रीक साहित्याला स्वतंत्र नोंद मिळाली. सॉफोक्लीझला समजून घ्यायला आता शेक्सपिअरच्या दारातून जावे लागत नव्हते.

१९७९ मध्ये पु. ल. देशपांड्यांचे 'राजा ओयदिपौस', म्हणजे ईडिपसच्या नाटकाचे मराठी रूप, प्रसिद्ध झाले. हसवणाऱ्या लेखकाने हे काम अंगावर घ्यावे याचे अनेकांना आश्चर्य वाटले असेल. मला वाटत नाही, कारण त्या नाटकातला उपरोध नुसत्या पंडिताच्या हाती निसटतो. राजा खुन्याला शाप देतो तेव्हा तो स्वतःलाच देतो आहे, हे वाक्यागणिक जाणवले पाहिजे. अडचण भाषेची नाही. ज्या मराठी प्रेक्षकाला ही कथा आधी ठाऊक नाही, त्याचे लक्ष बराच वेळ खुनी कोण यातच गुंतून पडते. अथेन्सचा प्रेक्षक तो सगळा वेळ राजाकडे पाहत असे.