नियम कुणाचा, गैरसोय कुणाची?

लिनक्सवरचे बहुतेक प्रोग्रॅम ग्लिबसी ही एकच लायब्ररी सामायिक वापरतात. २०१० साली तिच्यातल्या 'मेमकॉपी'ने वेगासाठी नक्कल करण्याची दिशा बदलली आणि फ्लॅशचा आवाज खरखरू लागला. चूक फ्लॅशचीच होती. एकमेकींवर चढलेल्या जागांसाठी मेमकॉपी वापरायची नाही, हा जुना नियम त्याने मोडला होता. तरी लिनस टोरवाल्ड्स यांनी वापरणाऱ्यांची बाजू घेतली. मला आधी ते पटले नाही; नियम मोडणाऱ्याला का सांभाळायचे? पण शिक्षा त्याला होतच नव्हती, गाणे ऐकणाऱ्याला होत होती. पुढे ग्लिबसी २.१४मध्ये दोन्ही ठेवले गेले: आधी बांधलेल्या प्रोग्रॅमना जुने वागणे, नव्याने बांधलेल्यांना नवे. नियम सैल झाला नाही. त्याचा हिशेब फक्त तिथून पुढे सुरू झाला.