नाशवंताची राखण

जे मुळातच नाशवंत आहे ते जपण्याचा आटापिटा म्हणजे मोहच नव्हे का? आपल्या चिंतनपरंपरेतला हा जुना प्रश्न चित्रपटाच्या रिळापाशी फार टोकदार होतो. 1950 च्या सुमारापर्यंत वापरात असलेली नायट्रेट फिल्म एकदा पेटली की पाण्यातही जळत राहते. आणि नाही पेटली तरी चिकट होत होत शेवटी तिची भुकटी होते. नंतरच्या ॲसिटेट फिल्मचा डबा दमट जागी पडून राहिला, तर झाकण काढताच व्हिनेगरचा आंबूस दर्प येतो आणि आत आकसून वाकडी झालेली फीत सापडते. भारतात हजाराहून अधिक मूकपट निघाले. आज उरले आहेत ते मोजके, त्यातलेही बरेच तुकड्यांत. पहिला बोलपट ‘आलम आरा’ (1931) तर हाती लागतच नाही. जिचा स्वभावच विरून जाण्याचा, अशा वस्तूपायी माणसाने आयुष्य वेचावे का? वेचावे, असे मला ठामपणे वाटते. कारण हे काम नीट केले तर त्यात मोहाला जागाच उरत नाही.

पी. के. नायर 1965 मध्ये पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आले. ही संस्था तेव्हा जेमतेम वर्षाची होती. 1991 मध्ये ते निवृत्त झाले तोवर संग्रह सुमारे 12,000 चित्रपटांवर गेला होता. पडद्यावर नाव झळकावे असे हे काम नव्हे. नायरांचा आग्रह असा की चित्रपट चांगला की टुकार, हे संग्राहकाने ठरवू नये. मिळेल ते राखावे. ‘वेचक तेवढेच ठेवा, बाकीची अडगळ कशाला?’ हा आक्षेप वरवर शहाणपणाचा वाटतो. पण आवडीनिवडीनेच तर आसक्ती सुरू होते, आणि आपली आवड बाजूला ठेवणे ही सोपी साधना नाही. फाळक्यांचा ‘कालिया मर्दन’ (1919) पाहा. कथा सुरू होण्याआधी त्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी कॅमेऱ्यासमोर नुसते चेहऱ्यावरचे भाव बदलून दाखवते आणि मग कृष्ण होऊन येते. त्या काळच्या प्रेक्षकाला कालियाशी झुंज मोलाची वाटली असेल. आज मात्र नजर त्या पोरीच्या चेहऱ्यावर खिळते. पुढचा माणूस कशात काय शोधेल, हे राखणाऱ्याला कळणे शक्यच नाही. म्हणून फळावर त्याचा हक्क उरत नाही, केवळ कामावर उरतो.

आपल्या संस्कृतीत विसर्जन आहे, हा आक्षेप मला अधिक गंभीर वाटतो. दहा दिवस पुजलेली मूर्ती आपण पाण्यात सोडतो, मग सेल्युलॉइडचेच एवढे काय? पण मूर्ती आपण निर्धास्तपणे सोडतो, कारण पेणच्या कारखान्यांत साचे आहेत, हात आहेत, पुढच्या वर्षीची माती आहे. शेवटची प्रत विरली की मंदाकिनी पुन्हा लहान होत नाही. शिवाय विसर्जन करणाऱ्या याच समाजाने अक्षर न् अक्षर घोकून वेद टिकवले. तुकोबांची गाथा इंद्रायणीत तरली ही श्रद्धा सर्वांना ठाऊक आहे. पण ते अभंग उतरवून ठेवणाऱ्या संताजी जगनाड्यांची आठवणही वारकरी परंपरेने तितक्याच आदराने जपली आहे. ‘प्रभात’चा ‘संत तुकाराम’ (1936) आपण आज पाहतो, तोही कुणी तरी त्याच्या प्रती सांभाळल्या म्हणूनच.

राहतो प्रश्न पैशांचा. गोदामे थंड आणि कोरडी ठेवायला खर्च येतो, डिजिटल प्रतही काही वर्षांनी नव्या साठ्यावर हलवावी लागते, आणि 2003 मध्ये पुण्यात झाले तसे नायट्रेटच्या कोठीला आग लागून रिळे जातातही. सगळे वाचणार नाही, निवड करावीच लागेल, हे मला मान्य आहे. पण मग निवडीचा निकष काय? नामवंत दिग्दर्शकाचे सुस्थितीतले रीळ आधी घ्यायचे, की कुणाच्या खिजगणतीत नसलेल्या एखाद्या स्टंटपटाची दर्प सुटलेली, एकुलती एक प्रत? संस्थांवर दबाव पहिल्याचा असतो, कारण त्याचा सोहळा करता येतो. माझ्या मते आधी दुसरा डबा उघडला पाहिजे. पहिल्याला अजून अवधी आहे.