खोटी नावं, खरी माणसं

परदेशात राहणारा एखादा साधासुधा माणूस, त्याच्या हाती लागलेलं नको ते गुपित आणि मग पळापळ. या साच्याच्या थरारकथांवर एक आक्षेप हमखास घेतला जातो: पळणारा गोरा नायक तेवढा माणूस, बाकी हवाना काय नि सायगाव काय, नुसता मागचा पडदा. आक्षेप खोटा नाही, पण सरसकट घेतला की चीड येते. कारण या प्रकारातल्या चांगल्या कादंबऱ्यांत गुपित त्या देशाचं नसतंच, परक्यानेच ते तिथे आणलेलं असतं. ग्रॅहम ग्रीनच्या 'अवर मॅन इन हवाना'मधला (१९५८) वर्मोल्ड व्हॅक्यूम क्लीनर विकतो. मुलीच्या हौशी पुरवायला पैसा हवा म्हणून तो ब्रिटिश हेरखात्याला मिळतो. कळवायला बातमीच नाही, तेव्हा क्लबच्या यादीतली नावं उचलून तो हस्तक 'नेमतो' आणि क्लीनरच्या भागांची चित्रं डोंगरातली गुप्त शस्त्रं म्हणून लंडनला धाडतो. लंडन भुलतं. हे अती वाटत असेल तर हुआन पुहोल आठवावा. महायुद्धात या स्पॅनिश गृहस्थाने इंग्लंड न पाहता, लिस्बनमध्ये बसून इंग्लंडमधल्या बातम्या जर्मनांना पुरवल्या. ग्लासगोत लिटरभर वाइनसाठी माणसं वाटेल ते करतील, असंही त्याने ठोकून दिलं! जर्मनांनी तेही गिळलं. ग्रीन स्वतः त्याच महायुद्धात पुढे हेरखात्यात पोर्तुगालचं काम पाहत होता.

तर, वर्मोल्डच्या थापांवर शत्रूही विश्वास ठेवतो. यादीतल्या अभियंत्यावर गोळी झाडली जाते, आणि वर्मोल्डने मनाने रचलेल्या राउल या वैमानिकाच्या नावाचा खराखुरा वैमानिक मरतो. वर्मोल्डला मात्र लंडनमध्ये शिकवण्याची नोकरी आणि वर मानाचा किताब. म्हणजे परका सुटतो, स्थानिक मरतो? इतकं सरळ नाही. एरिक अ‍ॅम्बलरच्या 'एपिटाफ फॉर अ स्पाय'मधला (१९३८) भाषाशिक्षक वादासीही परकाच. फ्रान्समधल्या हॉटेलात कॅमेऱ्याची अदलाबदल होते आणि पोलीस त्यालाच हेर ठरवून धरतात. त्याला आपला म्हणणारा देशच नाही, त्यामुळे खरा हेर शोधून दे, नाहीतर देशाबाहेर काढतो, एवढी धमकी पुरते. तेव्हा खरी रेषा परका आणि स्थानिक यांच्यात नाही, ती पाठीशी सरकार असलेला आणि नसलेला यांच्यात आहे.

पण हाच निकष राउलला लावला की माझी बाजू लंगडी पडते. तो स्वतःच्या देशात होता, पण ते सरकार हुकूमशहा बातिस्ताचं. त्याच्यासाठी कोण धावून येणार? आणि ग्रीनही धावत नाही. राउल पुस्तकात हाडामांसाचा होऊन येतो, तो मेल्याची बातमी म्हणून. आक्षेप घेणाऱ्यांना एवढं द्यावंच लागेल.