जखमेचा पंचनामा

कोल्हापूर जिल्ह्यातल्या नांदणीच्या मठातली महादेवी ऊर्फ माधुरी ही हत्तीण जुलै २०२५मध्ये न्यायालयाच्या आदेशाने जामनगरच्या ‘वनतारा’ केंद्रात गेली. त्यानंतरचे काही आठवडे महाराष्ट्रात प्राण्यांवरच्या प्रेमाचीच चर्चा चालू होती. मोर्चे निघाले, केंद्र चालवणाऱ्या उद्योगसमूहाच्या रागाने लोकांनी मोबाइल कंपन्या बदलल्या. ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयाने निवृत्त न्यायमूर्ती जे. चेलमेश्वर यांच्या अध्यक्षतेखाली विशेष तपास पथक नेमलं आणि सप्टेंबरात त्या पथकाच्या अहवालाने केंद्रावरचे आक्षेप निकालात काढले. माधुरी पिढ्यान्‌पिढ्यांच्या श्रद्धेतली पाळीव हत्तीण होती, तिचा प्रश्न वेगळा. पण या गदारोळात ‘बचाव’ आणि ‘पुनर्वसन’ हे शब्द घराघरांत पोचले आणि त्यांच्यामागोमाग वन्यजीव अभ्यासकांच्या वर्तुळातला एक जुना दावा पुन्हा ऐकू येऊ लागला: जखमी प्राणी वाचवणं म्हणजे संवर्धन नव्हे, ती माणसाने स्वतःच्या मनाची काढलेली समजूत आहे.

हा दावा हलक्याने घेण्यासारखा नाही. एका बिबट्याच्या मोडलेल्या पायावर जो पैसा आणि जे मनुष्यबळ खर्च होतं, त्यातून माळरानाचा एखादा तुकडा राखता येईल. प्रजाती टिकतात त्या अधिवासामुळे, शस्त्रक्रियेच्या टेबलामुळे टिकत नाहीत. ऑल्डो लिओपोल्डच्या १९४९च्या ‘अ सँड काउंटी अल्मनॅक’पासून या विचाराला प्रतिष्ठा आहे. १९८०मध्ये जे. बेअर्ड कॅलिकॉट यांनी प्राणिमुक्तीवाले आणि पर्यावरणवादी यांच्या वाटाच वेगळ्या आहेत, असं ठणकावून सांगितलं. तीन वर्षांनी प्राणिहक्कवादी टॉम रेगन यांनी समष्टीसाठी एकेका जिवाचा बळी देणाऱ्या या विचाराला ‘पर्यावरणीय फॅसिझम’ म्हटलं. तेव्हापासून ही भांडणं त्याच दोन टोकांमध्ये चालू आहेत: एकीकडे कळप, दुसरीकडे जीव.

दोन्ही बाजूंनी एक प्रश्न मात्र बाजूला ठेवला. प्राणी जखमी झाला कशामुळे?

तो प्रश्न केंद्रस्थानी आणला तत्त्वज्ञ क्लेअर पामर यांनी, आणि त्यांच्या ‘अ‍ॅनिमल एथिक्स इन कॉन्टेक्स्ट’ या २०१०च्या पुस्तकाकडे आपल्याकडच्या चर्चेने दुर्लक्ष केलं, हे नुकसानच आहे. पामर दोन घटना शेजारी शेजारी ठेवतात. २००७मध्ये केनियातली मारा नदी ओलांडताना हजारो विल्डबीस्ट बुडून मेले. लोक काठावरून बघत होते, चित्रण करत होते. कुणी त्यांना वाचवायला पाण्यात उतरलं नाही आणि उतरायला हवं होतं असंही कुणाला वाटलं नाही. पुढच्याच जानेवारीत इंग्लंडमधल्या अ‍ॅमरशॅमजवळच्या एका फार्मवर उपासमारीने मेलेले आणि मरायला टेकलेले घोडे सापडले, तेव्हा देश संतापला आणि मालकावर खटला चालला. वेदना तर दोन्हीकडे होती. मग एका ठिकाणी हस्तक्षेप न करणं योग्य आणि दुसऱ्या ठिकाणी गुन्हा, असं का वाटतं?

नुसत्या दयेच्या तत्त्वज्ञानाला इथे उत्तर सापडत नाही, कारण दया वेदना पाहते आणि वेदनेचा इतिहास विचारत नाही. पामर यांचं उत्तर इतिहासात आहे. घोडे माणसाने पैदा केले, कुंपणात ठेवले, अन्नासाठी स्वतःवर अवलंबून केले, म्हणून त्यांचं देणं लागतं. नदीतल्या विल्डबीस्टशी माणसाचं तसं नातं नाही. रानातल्या प्राण्याला त्याच्या रानात जगू-मरू द्यावं, हाच तिथला न्याय. पण जिथे माणसाने रानातल्या प्राण्याचं नुकसान केलं, त्याची जागा बळकावली, त्याच्या वाटेत धोका आणून ठेवला, तिथे देणं तयार होतं. पामर नव्या वसाहतीमुळे हुसकावल्या गेलेल्या कोयोटींचं उदाहरण घेतात. घर बांधणाऱ्याने त्यांना हुसकावलं असेल, पण त्या घरात सुखाने राहणारा त्या लाभापासून वेगळा कसा राहील?

हे उदाहरण जुन्नरच्या उसात आणून पाहावं. बिबट्या ज्या विहिरीत पडतो ती एका शेतकऱ्याची, तिला कठडा नाही. पण त्या विहिरीच्या पाण्यावरचा ऊस, त्या उसाची साखर आणि ती साखर नेणारा रस्ता या साखळीत पुण्या-मुंबईचं प्रत्येक स्वयंपाकघर येतं. महाराष्ट्रात उपचार केंद्रांच्या दारात येणाऱ्या प्राण्यांच्या जखमा पाहिल्या तर फार थोड्या निसर्गाने केलेल्या असतात. नायलॉन मांज्याने कापलेला घारीचा पंख, वाहनाने फुटलेलं उदमांजराचं डोकं, रानडुकरांसाठी लावलेल्या फासात अडकलेला कोल्हा, विजेच्या तारेवर होरपळलेलं घुबड, मासेमारीच्या टाकून दिलेल्या जाळ्यात वल्ह्यासारखा पाय गमावलेलं कासव. या प्राण्यांना उचलणं ही दया असेलही, पण त्याआधी ती भरपाई आहे. आणि भरपाई द्यायची की नाही, हे प्रजाती दुर्मीळ आहे की मुबलक यावर ठरत नाही. घारी भरपूर आहेत म्हणून घारीचं देणं फिटत नाही.

दिल्लीतल्या नदीम शहजाद आणि मोहम्मद सौद या भावांचं काम इथे आठवतं. मांज्याने कापलेल्या घारी घेऊन हे दोघे पक्ष्यांच्या धर्मादाय रुग्णालयात गेले, तेव्हा मांसाहारी पक्षी दाखल करून घेतले जात नाहीत, असं त्यांना सांगण्यात आलं. त्यांनी घरीच उपचार सुरू केले आणि पुढे ‘वाइल्डलाइफ रेस्क्यू’ ही संस्था उभी राहिली. शौनक सेन यांच्या २०२२च्या ‘ऑल दॅट ब्रीद्स’ या माहितीपटामुळे जगाला त्यांची ओळख झाली. त्यांच्या तळघरात आलेल्या घारींना कुणी अन्नावरून विचारलं नाही.

इथपर्यंत बाजू बचाव संस्थांची आहे. पण भरपाईचा विचार शेवटपर्यंत नेला तर तो याच संस्थांवर उलटतो. नुकसान भरून देणाऱ्याचं पहिलं कर्तव्य म्हणजे ते नुकसान थांबवणं. ज्या विहिरीतून गेल्या वर्षी बिबट्या काढला त्याच विहिरीत यंदा दुसरा पडत असेल, तर बचाव झाला असं म्हणता येणार नाही.

आजोबा नावाच्या बिबट्याची गोष्ट मराठी वाचकाला ठाऊक आहे. २००९च्या उन्हाळ्यात नगर जिल्ह्यातल्या टाकळी ढोकेश्वरजवळ एक वयस्कर बिबट्या विहिरीत पडला. त्याला काढलं, वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय आणि वन खात्याने त्याच्या गळ्यात जीपीएसचा पट्टा बांधला आणि माळशेज घाटात सोडून दिलं. तो तिथे राहिला नाही. मुंबई-आग्रा महामार्ग, कसाऱ्याची रेल्वेलाइन, वसईचा औद्योगिक भाग असं सगळं ओलांडत, सुमारे १२० किलोमीटर चालत तो संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या परिसरात पोचला. वाटेत त्याने कुणा माणसावर हल्ला केला नाही. डिसेंबर २०११मध्ये मुंबई-अहमदाबाद महामार्गावर वाहनाच्या धडकेने तो मेला आणि अंगातल्या चिपवरून ओळखला गेला. त्याच्यावर २०१४मध्ये मराठी चित्रपटही निघाला. विहिरीतून जो वाचला त्याला रस्त्याने मारलं.

आजोबाच्या आधी जुन्नरमध्ये जे घडलं ते अधिक गंभीर होतं. २००१नंतरच्या दोन-तीन वर्षांत तिथे वस्तीजवळचे बिबटे मोठ्या संख्येने पकडून सरासरी ४० किलोमीटर दूरच्या जंगलांत सोडण्यात आले. हेतू माणसांनाही वाचवायचा होता आणि बिबट्यांनाही. १९९३ ते २००१ या काळात त्या भागात माणसांवर वर्षाला सरासरी ४ हल्ले होत होते, ते स्थलांतराच्या काळात १७वर गेले आणि त्यांतलं प्राणघातक हल्ल्यांचं प्रमाणही वाढलं. अत्रेय आणि सहकाऱ्यांनी हा अभ्यास २०११मध्ये प्रसिद्ध केला. अनोळखी मुलखात टाकलेला, पिंजऱ्याच्या धास्तीतून आलेला प्राणी घराकडे निघतो, वाटेत गावं असतात, आणि त्याच्या सुटलेल्या जागी दुसरा बिबट्या येतो. त्या हल्ल्यांत जी माणसं गेली, त्यांच्या घरच्यांसमोर ‘आम्ही प्राणी वाचवत होतो’ हे वाक्य उच्चारता येत नाही.

ऊसतोडीत सापडणाऱ्या बछड्यांचंही तसंच. आई शिकारीला गेलेली असते, कोयत्याच्या आवाजाने परत येत नाही, आणि कुणीतरी कळवळून पिल्लं उचलून गावात आणतं. पोरकी नसलेली पिल्लं त्या क्षणी पोरकी होतात. माणसाच्या हातून दूध प्यालेला बिबट्या पुन्हा रानात सोडता येत नाही आणि पिंजऱ्यात तो विशीपर्यंत जगू शकतो. जुन्नरजवळच्या माणिकडोह केंद्राने आणि वन खात्याने यावर जी पद्धत बसवली ती आदर्श आहे: पिल्लं तपासायची, सापडली त्याच फडात संध्याकाळी खोक्यात ठेवायची, कॅमेरा लावायचा आणि सगळ्यांनी लांब जायचं. आई येऊन एकेक उचलून नेते. या कामात वाचवणाऱ्याचं कौशल्य म्हणजे प्राणी ताब्यात न घेणं.

म्हणून टीकाकारांचा एक मुद्दा मान्य करावाच लागतो. सोडून दिलेला प्राणी जगतो का, हे न पाहता सुटकेच्या संख्या छापणं गैर आहे. तेलाने माखलेल्या समुद्रपक्ष्यांना धुऊन सोडण्यावर अमेरिकेत ब्रायन शार्प यांनी १९९६मध्ये अभ्यास प्रसिद्ध केला. धुतलेले गिलेमॉट सोडल्यानंतर बहुतेक थोड्याच दिवसांत मेल्याचं त्यात आढळलं. साबणाने धुतलेल्या पक्ष्याचं छायाचित्र जगभर पोचतं, हा निष्कर्ष पोचत नाही.

पण इथे थांबून निकाल देणाऱ्यांनी दक्षिण आफ्रिकेकडे पाहावं. केपटाउनची ‘सँकॉब’ ही संस्था १९६८पासून समुद्रपक्ष्यांवर उपचार करते. १९९४मध्ये ‘अपोलो सी’ जहाज बुडून सुमारे १०,००० पेंग्विन तेलाने माखले, तेव्हा त्यांतले निम्मेच परत समुद्रात जाऊ शकले. जून २०००मध्ये ‘ट्रेझर’ जहाज रॉबेन आणि डासेन बेटांच्या मधे बुडालं. या वेळी सुमारे १९,००० पेंग्विन माखले. हजारो स्वयंसेवक आले, एकेका पक्ष्याला हाताने मासा भरवला, धुतलं, पिसं पाणी धरत नाहीत ना हे तपासलं. तेल न लागलेले आणखी सुमारे १९,५०० पेंग्विन पकडून पूर्वेला पोर्ट एलिझाबेथजवळ सोडले, म्हणजे ते पोहत घरी येईपर्यंत किनारा साफ होईल. ते पोहत आलेच. माखलेल्यांपैकी बहुतेक वाचले आणि अनेक पुढे पिल्लं वाढवताना नोंदले गेले. एका प्रजातीचा मोठा हिस्सा एकेक करून धुतला गेला. कळप आणि जीव हा भेद त्या टबांमध्ये उरला नव्हता.

आणि तरीही आफ्रिकन पेंग्विन घटत गेले. २०२४मध्ये त्यांना ‘अति-संकटग्रस्त’ ठरवलं गेलं, प्रजननक्षम जोड्या १०,०००हून कमी उरल्या. कारण भूक. सार्डिन आणि अँकोव्ही हे मासे बोटी उपसून नेत होत्या. सँकॉबने तेव्हा जे केलं त्यासाठी तिचं नाव आपल्याकडच्या प्रत्येक संस्थेच्या भिंतीवर लागायला हवं. ‘बर्डलाइफ साउथ आफ्रिका’सोबत ती संबंधित मंत्र्याविरुद्ध न्यायालयात गेली. मार्च २०२५मध्ये पेंग्विनच्या सहा वसाहतींभोवती दहा वर्षं मासेमारी बंद ठेवण्याचा आदेश निघाला. जिने पेंग्विन धुतले त्याच संस्थेने समुद्राचा तो तुकडाही मिळवला.

जखमी किंवा मेलेला प्राणी हा पुरावा असतो. गिधाडं कशाने मरताहेत हे उपखंडात वर्षानुवर्षं कळत नव्हतं. २००४मध्ये लिंडसे ओक्स आणि सहकाऱ्यांनी पाकिस्तानातल्या मेलेल्या गिधाडांच्या विच्छेदनातून डायक्लोफेनॅक हे गुरांचं औषध शोधून काढलं आणि २००६मध्ये भारताने त्याच्या पशुवैद्यकीय वापरावर बंदी घातली. एकेक शव नीट उघडून पाहिलं नसतं तर संपूर्ण प्रजातीचा मारेकरी सापडला नसता.

आपल्याकडच्या संस्थांना हे अवघड का जातं, हे समजण्यासारखं आहे. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या व्याख्येत प्राणी पकडणं हे ‘शिकारी’त मोडतं, त्यामुळे वन खात्याच्या परवानगीशिवाय पाऊल टाकता येत नाही. पिंजरे, औषधं, पगार हे देणग्यांवर चालतं, आणि मोठ्या देणग्या कंपन्यांकडून येतात. ज्यांच्या तारांवर पक्षी होरपळतात किंवा ज्यांचे रस्ते जंगल चिरत जातात, त्यांच्याकडून रुग्णवाहिका घेतली की जीभ जड होते. म्हणूनच ज्या संस्था बोलतात त्यांचं मोल मोठं. पेंचच्या जंगलातून जाणाऱ्या राष्ट्रीय महामार्ग ४४चं प्रकरण नागपूरच्या ‘सृष्टी पर्यावरण मंडळा’सारख्या संस्थेने न्यायालयात लढवलं, आणि महाराष्ट्राच्या बाजूला १६ किलोमीटरच्या पट्ट्यात प्राण्यांसाठी नऊ मार्ग बांधले गेले. भारतीय वन्यजीव संस्थेने २०१९मध्ये लावलेल्या कॅमेऱ्यांत १८ प्रजाती त्या मार्गांनी जाताना दिसल्या, त्यांत वाघही होते. या प्राण्यांची नोंद कुठल्याच बचाव केंद्रात नाही, कारण ते तिथे आलेच नाहीत.

तेव्हा वन्यजीवांसाठी देणगी देणाऱ्यांनी संस्थेला पुढचे प्रश्न विचारावेत. सोडलेल्या प्राण्यांचा माग ठेवता का? बऱ्या न होणाऱ्याला वेदनामुक्त मरण देण्याचं धैर्य आहे का? कुठल्या विहिरीतून, कुठल्या रस्त्यावरून, कुठल्या तारेखालून किती प्राणी आले याची वही लोकांसमोर ठेवता का, आणि ती घेऊन तहसीलदाराकडे, वीज कंपनीकडे, गरज पडली तर न्यायालयात जाता का? उत्तर होकारार्थी असेल तर हात सैल सोडून द्यावं. नसेल तर त्या संस्थेला नकार द्यावा.

दिवाळीनंतर उसाचे फड सुरू होतात. फडात बछडे दिसले तर त्यांना हात लावू नका, फोटोसाठी उचलू नका, तेवढा भाग तोडायचा थांबवा आणि वन खात्याच्या १९२६ या क्रमांकावर कळवा. आणि शेतातल्या विहिरीला कठडा नसेल, तर तो बांधून घ्या.