वस्तूंची साक्ष

इ. स. 1842 त अमेरिकेतील डॉक्टर जोसेफ रोड्स ब्यूकॅनन ह्यांनी असे मत मांडिले की, वस्तु हाती धरिली असता तिचा पूर्ववृत्तांत कळावा अशी शक्ति कित्येकांच्या अंगी असते. भूगर्भवेत्ते विल्यम डेंटन ह्यांनी तर दगड कागदांत गुंडाळून घरच्या मंडळीच्या हाती दिले, व त्यांनी केलेली वर्णने 1863 साली छापिली. शास्त्राच्या कसोटीस ही विद्या उतरली नाही.

तथापि वाचकहो, घटकाभर ती खरी धरू. फोडलेले कुलूप हाती घेऊन कोणी म्हणाला, "हे अमक्याचे कृत्य," तर त्या अमक्याने उत्तर काय द्यावे? पूर्वी रामोशी चोराचा माग काढीत व तो शिवेपर्यंत नेऊन पुढच्या गावच्या रखवालदाराच्या हवाली करीत. तेही अभ्यासाचेच फळ. परंतु धुळीतले पाऊल पाटलासही दिसे. आणि ज्याच्यावर आळ आला (तो बहुधा गरिबावरच येतो) त्यास आपला पाय त्या ठशाशेजारी ठेवून दाखविता येई. कुलुपांत जे एकट्यासच दिसते, त्याच्याशेजारी त्या बिचाऱ्याने काय ठेवावे, हे आम्हांस कोणी सांगेल काय?