मैत्र : शब्द आणि भाव

'मैत्र' हा शब्द मराठी भाविकाला पसायदानामुळे परिचित आहे. इ. स. १२९० (शके १२१२) मध्ये ज्ञानेश्वरीची सांगता करताना संत ज्ञानेश्वर महाराजांनी दुष्टांचा नाश मागितला नाही. त्यांचा दुष्टपणा सरावा आणि जीवमात्रांत मैत्र नांदावे, असे मागणे मागितले.

'मैत्र' हा शब्द 'मित्र' यावरून सिद्ध झाला. ऋग्वेदात मित्र ही देवता असून तिचे स्तवन बहुधा वरुणासह येते. सूर्यनमस्काराच्या बारा नामांतील पहिले नामही हेच. प्राचीन इराणच्या अवेस्ता भाषेत याच शब्दाचा अर्थ 'करार' असा होतो. म्हणून दिलेल्या वचनाने बांधलेला तो मित्र, असे अनेक अभ्यासक मानतात. संस्कृत व्याकरणपरंपरा मात्र तो 'मिद्' म्हणजे स्निग्ध होणे या धातूपासून साधते. स्नेह म्हणजे प्रेम, आणि स्नेह म्हणजे तेलही.

येथेच प्रश्न उभा राहतो. मैत्र हा करार, की स्नेह? करारात परतफेड अपेक्षित असते. समईतील तेल मात्र आपला प्रकाश कोणावर पडतो हे पाहत नाही. गीतेच्या सहाव्या अध्यायात 'सुहृद्' आणि 'मित्र' हे शब्द वेगवेगळे आले आहेत. परतफेडीची अपेक्षा न ठेवता उपकार करणारा तो सुहृद्, असे श्रीशंकराचार्य आपल्या भाष्यात सांगतात. पुढे बाराव्या अध्यायात भक्ताच्या लक्षणांत 'मैत्र' येते, तेव्हा ते सर्व भूतांविषयी असते. वचन पाळण्याची निष्ठा कराराकडून घ्यावी आणि निरपेक्षता स्नेहाकडून, हाच त्याचा आशय म्हणता येईल.

पतंजलींनी योगसूत्रांत सुखी जनांविषयी मैत्री आणि दुःखितांविषयी करुणा सांगितली आहे. हा क्रम विचार करायला लावणारा आहे. दुःखिताचा कळवळा सहज येतो. दुसऱ्याच्या सुखाने सुखावणे कठीण. दर्शनरांगेत कोणी आपल्या आधी गाभाऱ्यापाशी पोहोचतो, देणगीदारांच्या फलकावर कोणाचे नाव आपल्या वर लागते, तेव्हा मन किंचित आक्रसते. मैत्राची खरी परीक्षा त्याच क्षणी होते.

देवापुढे हात जोडताना शेजारी उभ्या असलेल्या अनोळखी भाविकाचेही कल्याण चिंतावे. तेवढ्याने यात्रा सफल होते.